वाचकांचे प्रश्न : व्हीएफएक्सची नोकरी, शिक्षण आणि अडलेले शॉट

सिनेमा आणि जाहिरातींतल्या व्हिज्युअल इफेक्ट्सच्या, म्हणजे व्हीएफएक्सच्या, कामाबद्दल ठाण्यापासून पनवेलपर्यंतच्या वाचकांनी प्रश्न पाठवले. त्यातले निवडक या अंकात घेतले आहेत. 'एखादी चांगली संस्था सांगा' एवढंच विचारणारी पत्रं बाजूला ठेवली, कारण त्यांचं उत्तर पहिल्याच प्रश्नात आलं आहे.

प्रश्न : मुलगा बारावी कॉमर्सला आहे. वाशीतल्या एका संस्थेनं अडीच वर्षांच्या कोर्सची फी ३ लाख ६० हजार सांगितली. 'शंभर टक्के प्लेसमेंट' असंही म्हणाले. कर्ज काढून घालावं का? आणि या कामात नोकरी टिकते का?
– एक आई, घणसोली

उत्तर : कॉमर्सची अडचण अजिबात नाही. स्टुडिओत मार्कशीट बघून कोणी शॉट देत नाही. मात्र 'शंभर टक्के प्लेसमेंट' हे शब्द करारावर लिहून मागा. लिहायची वेळ आली की त्याचं बहुतेक ठिकाणी 'प्लेसमेंट साहाय्य' होतं, आणि या दोहोंत जमीनअस्मानाचं अंतर आहे.

मग मागच्या बॅचमधल्या पाच मुलांच्या शोरील (आपल्या निवडक कामाची छोटी चित्रफीत) दाखवायला सांगा. संस्थेनं निवडलेल्या नकोत, यादीवर तुम्ही बोट ठेवाल त्या मुलांच्या हव्यात. शिकवणारे सध्या किंवा अलीकडेपर्यंत स्टुडिओत काम करत होते का, हे विचारा. सरावाला खऱ्या सिनेमा कॅमेऱ्याचं फुटेज देतात की इंटरनेटवरून उतरवलेल्या क्लिप, हेही विचारा. दाबून लहान केलेल्या क्लिपमध्ये रंगाची माहिती आधीच गेलेली असते. त्यावर शिकलेल्या मुलाला कामावरच्या ईएक्सआर (रंगाची भरपूर माहिती जपणाऱ्या) फाइलमध्ये काय काय दडलंय ते कळत नाही. वर्गानंतर लॅब किती वाजेपर्यंत उघडी असते, हा प्रश्न साधा वाटेल, पण अर्धं शिक्षण तिथेच होतं. कोर्स मध्येच सोडला तर किती फी परत मिळेल, तेही लेखी घ्या.

अभ्यासक्रमात बारा-पंधरा सॉफ्टवेअरची नावं दिसली तर सावध व्हा. स्टुडिओ एका विभागासाठी माणूस घेतो : रोटो (माणूस किंवा वस्तू कडेनं आकार काढून वेगळी करणं), पेंट (नको ते पुसणं), मॅचमूव्ह (कॅमेऱ्याची हालचाल थ्रीडीत उतरवणं), कॉम्प (कॉम्पोझिटिंग, म्हणजे सगळे थर एकत्र बसवणं), लायटिंग, एफएक्स (धूर, आग, पाणी). सगळं थोडं थोडं येणाऱ्याला त्यातल्या कुठल्याच खुर्चीवर बसवता येत नाही.

आमचा सल्ला असा, की पैसे भरण्याआधी मुलाला तीन महिने घरी बसून करून बघू द्या. ब्लेंडर हे थ्रीडीचं सॉफ्टवेअर पूर्ण फुकट आहे. दा विंची रिझॉल्व्हच्या फुकट आवृत्तीत फ्यूजन हे कॉम्पोझिटिंगचं साधन येतं. न्यूक या कॉम्पच्या सॉफ्टवेअरची बिगरव्यावसायिक आवृत्तीही फुकट मिळते, फक्त चित्र १९२० बाय १०८० पिक्सेलच्या वर जात नाही. एफएक्ससाठीच्या हूडिनीची शिकाऊ आवृत्ती रेंडरवर (तयार झालेल्या चित्रावर) शिक्का मारते, पण शिकायला पुरते. तीन महिन्यांत एक पाच सेकंदांचा शॉट मन लावून पुरा केला, तर पुढच्या खर्चाला अर्थ आहे. आठवड्यात कंटाळला, तर ३ लाख ६० हजार वाचले. चित्रकलेत गती असेल तर आयआयटी मुंबईच्या बी.डेस. या डिझाइनच्या पदवीसाठी यूसीड ही प्रवेश परीक्षा कुठल्याही शाखेतून देता येते. आणि काहीही केलं तरी पदवी सोडू नका. परदेशात काम मिळालंच तर व्हिसाच्या वेळी ती उपयोगी पडते.

नोकरी टिकते का? काम प्रोजेक्टवर चालतं आणि मुंबईतल्या बऱ्याच स्टुडिओंचं पोट परदेशी कामावर भरतं. २०२३मध्ये हॉलिवूडच्या लेखकांचा संप २ मे ते २७ सप्टेंबर आणि कलाकारांचा १४ जुलै ते ९ नोव्हेंबर चालला. शूटिंग थांबलं की इफेक्ट्सचं काम काही महिन्यांनी आटतं. त्यामुळे इथली झळ संप मिटल्यानंतरही राहिली. फेब्रुवारी २०२५मध्ये टेक्निकलर हा व्हीएफएक्सचा जागतिक समूह कोसळला, तेव्हा त्याची भारतातली कार्यालयंही बंद पडली. म्हणून या क्षेत्रात सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला असणं ही चैन नव्हे. कर्जाचा हप्ता ठरवताना हे धरून चाला.

प्रश्न : रोटो विभागात ट्रेनी आहे. माणसाची कड 'उकळते' म्हणून माझे शॉट परत येतात. प्रत्येक फ्रेमला आकार नीट बसवतो, तरी असं का होतं?
– एक वाचक, कळवा

उत्तर : प्रत्येक फ्रेमला बसवता, म्हणूनच होतं. प्रत्येक फ्रेमला नव्यानं लावलेला बिंदू पिक्सेलभर इकडेतिकडे होतो. थांबवलेल्या चित्रात ते दिसत नाही, पण सेकंदाला २४ फ्रेम पळाल्या की कड थरथरते.

काम उलट्या दिशेनं करा. आधी शॉट तीन-चार वेळा नुसता बघा आणि हालचाल कुठे सुरू होते, कुठे वळते, कुठे थांबते त्या फ्रेम लिहून काढा. कीफ्रेम (थोडक्यात की), म्हणजे आकार हातानं बसवलेली फ्रेम, पहिल्यांदा फक्त त्यांवर. मग दोन कींच्या मधोमध, मग गरज पडली तर त्यांच्या मध्ये. चालणाऱ्या माणसाच्या धडाला पाच-सहा फ्रेममागे एक की पुरते. जिथे की नाही तिथे सॉफ्टवेअर आकार सरळ सरकवतं, आणि तेच तुम्हाला हवं आहे.

अख्ख्या माणसाचा एकच आकार कधीही काढू नका. डोकं, मान, धड, दंड, कोपरापासून मनगट, पंजा आणि बोटं दिसत असतील तर प्रत्येक बोट वेगळं. सांध्याजवळ आकार एकमेकांवर चढू द्या. प्रत्येक तुकडा असा निवडा, की त्याचा आकार कमीत कमी बदलेल आणि तो नुसता फिरेल किंवा सरकेल. धडाला आधी प्लेनर ट्रॅक (सपाट भागाची हालचाल सॉफ्टवेअरनं टिपणं) लावा आणि आकार त्या ट्रॅकला जोडा, म्हणजे निम्मी हालचाल आयती मिळते. बिंदू कमी ठेवा. दंडाला सहा-आठ बस्स. एकदा खांद्याच्या शिवणीवर ठेवलेला बिंदू शेवटपर्यंत त्या शिवणीवरच राहिला पाहिजे. तो कडेवरून घसरत गेला तरी कड उकळते, आणि हे कारण पुष्कळ जणांच्या लक्षातच येत नाही.

आता मोशन ब्लर, म्हणजे हालचालीनं येणारा पुसटपणा. १८० अंशांच्या शटरवर कॅमेरा फ्रेमच्या निम्मा वेळ उघडा असतो, म्हणून शटरची किंमत ०.५ ठेवा. आकार पुसट कडेच्या बाहेर नको, आतही नको. पुसट पट्ट्याच्या मधोमध ठेवा आणि ब्लर सॉफ्टवेअरला करू द्या. शटर ऑफसेट 'सेंटर्ड' आहे की 'स्टार्ट', ते शॉटच्या सूचनांत बघा. तो चुकला तर वेगवान हात कडेपासून सरकलेला दिसतो, आणि ट्रेनी बिचारा बिंदू हलवत बसतो.

पाठवण्याआधी तीन तपासण्या करा : नुसता अल्फा (काढलेल्या आकाराचं काळं-पांढरं चित्र) पूर्ण वेगानं बघणं, माणूस राखाडी आणि मग भडक लाल पार्श्वभूमीवर ठेवून बघणं, आणि गॅमा चढवून, म्हणजे चित्र उजळवून, अंधाऱ्या भागातली कड बघणं. केसांची टोकं आकारांनी काढायच्या फंदात पडू नका. मुख्य गोल आकार द्या आणि टोकांसाठी ल्यूमा की (उजेडाच्या फरकावरून वेगळं करणं) किंवा पेंट, जे लीड सांगेल ते.

प्रश्न : आम्ही एका साडीच्या दुकानाची ४० सेकंदांची जाहिरात करतोय. वागळे इस्टेटमधल्या एका गाळ्यात ग्रीनस्क्रीन लावून चित्रीकरण आणि मागे पावसाळ्यातला उपवन तलाव. साड्यांत दोन पोपटी आणि एक मोरपंखी पैठणी आहे. काय काळजी घ्यावी?
– दोन मित्र, नौपाडा

उत्तर : पडद्याचा रंग सॉफ्टवेअर पुसून टाकतं, तेव्हा पोपटी साडीसमोर हिरवा पडदा लावणं म्हणजे पदराचं कात्रण कापून टाकणं. हिरवा रंग पडद्यासाठी आवडता आहे, याचं कारण कॅमेऱ्याच्या सेन्सरवर हिरव्याचे बिंदू लाल-निळ्याच्या दुप्पट असतात, त्यामुळे हिरवं चॅनल सर्वांत स्वच्छ येतं. पण कपड्यात हिरवा असेल तर निळा पडदा भाड्यानं घ्या. मोरपंखी निळ्याकडेही झुकतो आणि हिरव्याकडेही. ती पैठणी दोन्ही पडद्यांसमोर दहा-दहा सेकंद नेसवून चाचणी घ्या. दोन्हीकडे पदर विरघळला तर तेवढी एक साडी थेट तलावाकाठी चित्रित करा. ते स्वस्त पडेल.

बाई पडद्यापासून किमान ८ ते १० फूट पुढे हव्यात. गाळा लहान असेल तर हीच खरी अडचण ठरते. जवळ उभं केलं की पडद्याचा रंग गळ्यावर, दंडाच्या आतल्या बाजूला आणि जरीवर परावर्तित होतो. जर तर आरशासारखी रंग उचलते. पडद्याचे दिवे वेगळे आणि बाईंचे वेगळे ठेवा. पडदा कोपऱ्यापासून कोपऱ्यापर्यंत अर्ध्या स्टॉपच्या (एक स्टॉप म्हणजे दुप्पट उजेड) आत एकसारखा उजळलेला असावा. मीटर नसेल तर कॅमेऱ्यातल्या वेव्हफॉर्मवर (उजेड दाखवणाऱ्या आलेखावर) पडद्याची रेघ आडवी आणि बारीक दिसली पाहिजे. दमट हवेत कापडी पडद्याला सुरकुत्या लवकर पडतात, तेव्हा स्टीमर हाताशी ठेवा.

कॅमेऱ्याची रंगांची नोंद १० बिट, ४:२:२ किंवा त्याहून वरची हवी. ४:२:० मध्ये रंगाची माहिती चार पिक्सेलला एकदाच साठवली जाते, म्हणून केसांच्या कडेला जिन्यासारख्या पायऱ्या दिसतात. कॅमेऱ्यातलं शार्पनिंग बंद ठेवा. आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची आहे. २५ फ्रेमवर शटर १/५० ठेवलं की दिवे लुकलुकत नाहीत. सिनेमासाठी २४ फ्रेमवर चित्रीकरण करत असाल तर शटरचा कोन १७२.८ अंश ठेवा, तोही १/५० सेकंदच होतो.

पाठीमागचं चित्र आधी घ्या, गाळ्यातलं नंतर. हा क्रम उलटा झाला की प्रकाश जुळत नाही. उपवनला लेन्स किती मिलिमीटर, कॅमेरा जमिनीपासून किती उंच, किती अंश झुकलेला, फोकस कुठे, आणि कोणत्या बाजूनं उजेड येतोय हे वहीत लिहा. गाळ्यात तीच उंची, तोच कोन, तीच लेन्स. पावसाळी ढगाळ उजेड सगळीकडून मऊ येतो. गाळ्यात तो आणायचा तर मोठा पांढरा कपडा ताणून त्यातून दिवा टाका. कडक सावली पडलेली बाई ढगाळ तलावासमोर उभी केली, तर जगातला कोणताही कलाकार ती तिथलीच आहे असं दाखवू शकणार नाही. दोन्ही ठिकाणी एक राखाडी आणि एक चकचकीत स्टीलचा गोळा कॅमेऱ्यासमोर पाच सेकंद धरा, म्हणजे उजेड कसा पडत होता ते नंतर ताडता येतं. रिकाम्या पडद्याचाही एक शॉट घ्या. दहा सेकंदांचं काम आहे, पण की काढताना (पडद्याचा रंग वेगळा करताना) तो फार कामी येतो.

कॅमेरा हलणार असेल तर पडद्यावर त्याच रंगाच्या थोड्या गडद पट्टीचे अधिकचिन्हासारखे ठिपके लावा, केसांच्या मागे मात्र एकही नको. कॅमेरा स्थिर असेल तर ठिपके लावूच नका, नंतर पुसत बसावं लागतं.

की काढणाऱ्याला एका कीमध्ये सगळं मिळणार नाही हे धरून चाला. आतल्या भागाची घट्ट मॅट (काय ठेवायचं, काय काढायचं ते सांगणारा काळा-पांढरा मुखवटा), साडीच्या कडेची वेगळी आणि केसांची वेगळी, असे तीन-चार तुकडे जोडावे लागतात. अल्फाचा कॉन्ट्रास्ट ताणून 'साफ' केली की कड कात्रीनं कापल्यासारखी दिसते. आणि शेवटी तलावाच्या प्लेटमधला (मूळ चित्रीकरणातला) ग्रेन, म्हणजे चित्रातले बारीक दाणे, बाईंच्या भागाशी जुळवायला विसरू नका.

प्रश्न : घरी सरावासाठी कोणता कॉम्प्युटर घ्यावा? मॅक चालेल का?
– एक वाचक, कोपरखैरणे

उत्तर : शिकायला चालेल, पण तेवढ्याच पैशांत पीसी जास्त ताकदीचा मिळतो. मोठे स्टुडिओ बहुतेक लिनक्सवर चालतात, तेव्हा लिनक्सची तोंडओळख करून ठेवा. रॅम ३२ जीबी, जमल्यास ६४. ग्राफिक कार्ड १२ जीबीचं. चालू कामाला १ टीबीची वेगवान एनव्हीएमई डिस्क आणि साठवणीला वेगळी हार्डडिस्क. हिशेब करून बघा : ४०९६ बाय २१६० पिक्सेल, तीन चॅनल, प्रत्येकी दोन बाइट, म्हणजे न दाबलेली एक ईएक्सआर फ्रेम सुमारे ५३ एमबी आणि २४ फ्रेमचा एक सेकंद सव्वा जीबीच्या वर. मॉनिटर आयपीएस आणि शंभर टक्के एसआरजीबीचा, म्हणजे रंग बरोबर दाखवणारा, घ्या. गेमिंगवाला झगमगीत नको. वीज गेली की फाइल वाचवून बंद करण्याइतका यूपीएस हवाच.

प्रश्न : बी.कॉम. झालं आहे, चित्र काढता येत नाही. एक्सेल मात्र उत्तम येतं. या क्षेत्रात माझ्यासाठी काही आहे का?
– एक वाचक, डोंबिवली

उत्तर : आहे, आणि या जागांसाठी चांगली माणसं सहज मिळत नाहीत. प्रॉडक्शन को-ऑर्डिनेटर म्हणून सुरुवात होते. कोणता शॉट कोणाकडे आहे, कितव्या व्हर्जनवर आहे, क्लायंटची कालची कमेंट त्या कलाकारापर्यंत पोहोचली का, संध्याकाळी काय पाठवायचं आहे, हे सगळं तुमच्या हाती. पुढे लाइन प्रोड्यूसर, मग प्रोड्यूसर. तिथे बिड करावं लागतं : शॉट बघून प्रत्येक विभागाचे माणूस-दिवस धरायचे, त्यात दुरुस्त्यांची भर घालायची आणि दर लावायचा. माणूस-दिवस कमी धरले की रात्री जागणारे कलाकार असतात, म्हणून बिड चांगलं करणाऱ्याला फ्लोअरवर मान मिळतो. फ्लो आणि एफट्रॅक ही शॉटची नोंद ठेवणारी साधनं शिकून घ्या. रोटो, प्रेप (प्लेट साफ करून तयार ठेवणं), कॉम्प यांचा क्रम आणि कोणाचं काम कोणावाचून अडतं, हे पाठ हवं. शॉट १००१ क्रमांकाच्या फ्रेमपासून का सुरू होतो, असं मुलाखतीत विचारू शकतात. उत्तर असं : शॉटच्या सुरुवातीआधी जादा फ्रेम किंवा सिम्युलेशनची (धूर-पाण्याच्या गणिताची) आधीची धाव जोडली, तरी आकडा उणे होत नाही आणि चार अंकीच राहतो.

प्रश्न : पामबीच रोडवर फोननं चालत एक शॉट घेतला आणि रस्त्यावर थ्रीडी रिक्षा उभी केली. ट्रॅकिंगची चूक ०.४ पिक्सेल आली, तरी रिक्षा घसरते.
– इंजिनीअरिंगचा विद्यार्थी, नेरूळ

उत्तर : ०.४ हा आकडा चांगला आहे, पण तो फक्त इतकंच सांगतो की सॉफ्टवेअरनं तुझे ठिपके (चित्रातल्या ज्या जागांचा माग काढला त्या) स्वतःच्या गणितात बसवले. ठिपकेच चुकीचे असतील तर चुकीचं गणितसुद्धा छान बसतं. धावत्या गाड्यांवर, त्यांच्या सावल्यांवर आणि खाडीच्या पाण्यावर पडलेले ट्रॅक आधी काढून टाक. झाडांची हलती पानंही नकोत. दोन फांद्या एकमेकींना छेदतात तो 'कोपरा' खरा कोपरा नसतो, तू पुढे सरकलास की तोही सरकतो.

मग फोनकडे बघ. इलेक्ट्रॉनिक स्टॅबिलायझेशन चालू असेल तर फोन प्रत्येक फ्रेम वेगळी कापतो. लेन्सचा मध्य फ्रेमगणिक हलतो आणि कॅमेरा सॉल्व्ह होण्याची (त्याची खरी हालचाल गणितानं सापडण्याची) आशा संपते. ते बंद कर. फोकस, एक्स्पोजर आणि कोणती लेन्स हे कुलूपबंद कर, नाहीतर फोन मध्येच दुसऱ्या लेन्सवर उडी मारतो. बरेच फोन फ्रेमचा वेगही बदलता ठेवतात, तेव्हा स्थिर वेगाची नोंद करणारं अ‍ॅप वापर. फोनचा सेन्सर चित्र वरून खाली ओळीओळीनं वाचतो, त्यामुळे झटक्यात वळवलास की दिव्याचे खांब तिरके होतात. सावकाश चाल.

नुसता जागेवर उभं राहून कॅमेरा फिरवलास तर खोली कळतच नाही. बाजूला सरकायला हवं, म्हणजे जवळचा खांब आणि लांबची इमारत वेगवेगळ्या वेगानं हलतील. ब्लेंडरला दोन मुख्य फ्रेममध्ये सामाईक असे किमान आठ ट्रॅक लागतात. पंधरा-वीस दे, आणि ते रस्त्यावर, दुभाजकावर, दूर इमारतींवर असे पसरलेले असू देत. घरी बुद्धिबळाच्या पटासारखी जाळी छापून त्याच लेन्सनं फ्रेम भरून टिप, त्यावरून लेन्सचा बाक (ती सरळ रेषा किती वाकवते ते) काढता येतो. क्रम असा : प्लेट सरळ कर, सॉल्व्ह कर, रिक्षा मूळ फ्रेमपेक्षा ५ ते १० टक्के मोठ्या चौकटीत रेंडर कर, मग तिला लेन्सचा बाक परत दे. चौकट मोठी नसेल तर बाक देताना कडा रिकाम्या पडतात.

सॉल्व्ह झाल्यावर रिक्षा ठेवण्याआधी रस्त्यावर साधे शंकू आणि चौकडी ठेव आणि शॉट पुढेमागे पळव. शंकूची टोकं डांबराला चिकटून राहिली तरच पुढे जा. रस्त्यावरच्या एखाद्या गोष्टीची लांबी टेपनं मोजून तोच आकडा सीनला दे, म्हणजे रिक्षा खेळण्यातली वाटणार नाही.

प्रश्न : एआय आल्यावर रोटो शिकण्यात अर्थ आहे का?
– एक वाचक, ऐरोली

उत्तर : फक्त रोटोवर आयुष्य काढायचा बेत असेल तर नाही. न्यूकमध्ये २०२१पासून कॉपीकॅट हे एआय साधन आहे. काही फ्रेम हातानं करून द्यायच्या, ते त्यावर शिकतं आणि उरलेल्या फ्रेम करतं. सिल्हूएट (रोटोचं सॉफ्टवेअर) आणि रिझॉल्व्हमध्येही मास्क आपोआप काढणारी साधनं आली आहेत. साध्या शॉटचं काम तिकडे चाललंय, आणि नवशिक्याला पूर्वी तेच साधे शॉट मिळत असत. पायरीच काढून घेतल्यासारखं झालं आहे, हे नाकारण्यात अर्थ नाही.

पण मशीनची मॅट फ्रेमगणिक हलते. एकमेकांसमोरून जाणारी माणसं, पारदर्शक ओढणी, पुसट हात इथे ती चुकते. आणि कॉम्पवाल्याला दंड वेगळा हवा असतो तिथे ती अख्खा माणूस देते. ती दुरुस्त करायला कड ओळखणारा डोळा लागतो, म्हणून रोटो सहा महिने ते वर्षभर मनापासून करा. त्याच काळात पेंट आणि कॉम्पची तयारी करा. एक गोष्ट मात्र ध्यानात ठेवा : क्लायंटची प्लेट कुठल्याही ऑनलाइन एआय साधनावर चढवू नका. गोपनीयतेच्या कराराचा तो सरळ भंग आहे, आणि असं केलेल्याला नोकरीवर ठेवायला कोणी धजावत नाही.

प्रश्न : एका छोट्या स्टुडिओनं दोन वर्षांचा बाँड, मूळ गुणपत्रिका आणि कोरा चेक मागितला आहे. फ्रीलान्स केलं तर पैसे बुडतात म्हणे. काय करू?
– एक वाचक, रबाळे

उत्तर : मूळ गुणपत्रिका देऊ नका, स्वतः सही केलेल्या प्रती द्या. कोरा चेक तर मुळीच नको. सही केलेला चेक वटला नाही तर फौजदारी लचांड मागे लागतं, आणि रक्कम कोण लिहिणार हे तुमच्या हातात नसतं. बाँडबद्दल सांगायचं तर भारतीय करार कायदा, १८७२च्या कलम २७मुळे 'सोडल्यावर दुसरीकडे कामच करायचं नाही' ही अट सहसा टिकत नाही. मात्र प्रशिक्षणावर खरोखर केलेला खर्च वाजवी प्रमाणात मागता येतो. म्हणून प्रशिक्षण कोणतं, किती दिवसांचं, त्या काळात पगार किती, आणि सोडल्यास रक्कम दर महिन्याला कमी होत जाते का, हे कागदावर हवं. उत्तरं तोंडीच मिळत असतील तर तो स्टुडिओ सोडून द्या. वीस किंवा त्याहून अधिक माणसं असतील तर पीएफ कापला जातो का, तेही विचारा.

फ्रीलान्ससाठी उद्यम (छोट्या उद्योगांची सरकारी) नोंदणी करा, ती फुकट आहे. सूक्ष्म किंवा लघु उद्योग म्हणून नोंद असली की लेखी करार असल्यास जास्तीत जास्त ४५ दिवसांत आणि नसल्यास १५ दिवसांत पैसे द्यावे लागतात. उशीर झाला तर रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट चक्रवाढ व्याज लागू होतं, आणि सरकारच्या ऑनलाइन पोर्टलवर तक्रार करता येते. त्याहून महत्त्वाचं, कामाआधी ईमेलवर चार ओळी मिळवा : शॉट किती, दर किती, दरात किती दुरुस्त्या धरल्या आहेत, त्यापुढच्या दुरुस्तीचा दर काय. पैसे अडकण्याच्या बहुतेक भांडणांचं मूळ तिसऱ्या ओळीत असतं. 'थोडंसं बदला' हे अकराव्यांदा ऐकू आलं की ती ओळ दाखवता येते.

प्रश्न : वीस वर्षं छापील जाहिरातींचं फोटोशॉप केलं. आता ४३व्या वर्षी जाहिरातफिल्मच्या इफेक्ट्सकडे वळता येईल का?
– एक वाचक, कोपरी

उत्तर : सिनेमापेक्षा जाहिरातीकडे वळणं तुम्हाला सोपं जाईल. त्वचा कुठवर साफ करायची, बाटलीवरचा उजेड कसा असावा, लेबलचा लाल हा कंपनीचाच लाल आहे का, ही नजर पंचविशीतल्या मुलांकडे नसते. मोडावी लागेल ती एक सवय. ३० सेकंदांची जाहिरात २५ फ्रेमच्या हिशेबानं ७५० फ्रेमची होते, आणि प्रत्येक फ्रेम स्वतंत्र सुंदर करत बसलात तर चेहरा लुकलुकेल.

पद्धत अशी. एक चांगली फ्रेम निवडून थांबवा, डाग तिच्यावर पेंट करा, तो तुकडा मऊ कडेनं कापा आणि ट्रॅकला जोडून बाकीच्या फ्रेमवर बसवा. गालाला प्लेनर ट्रॅक कपाळापेक्षा कमी चांगला बसतो, बोलताना तो ताणला जातो. तिथे तुकडा लहान करा. उजेड बदलत असेल तर रंग तोच ठेवून चालत नाही. पेंट केलेला तुकडा आणि मूळ यांचा फरक काढा आणि तेवढा फरकच पुढे न्या. पेंट आधी ग्रेन काढलेल्या प्लेटवर करा आणि शेवटी ग्रेन परत द्या. नाहीतर साफ केलेला गाल मेणाचा दिसतो.

बाटलीचं लेबल बदलायचं असेल तर सपाट चित्र चार कोपऱ्यांत ताणून बसणार नाही. थ्रीडीत नळकांडं घेऊन त्यावर लेबल गुंडाळा, आणि मूळ शॉटमधले चकाके वेगळे काढून वर मिळवा. त्यांच्याशिवाय लेबल चिकटवलेलं वाटतं. फोनचा स्क्रीन बदलायचा असेल तर चित्रीकरणातच स्क्रीन बंद ठेवायला सांगा, कोपऱ्यांत बारीक खुणा लावून. भडक हिरवा स्क्रीन बोटांवर हिरवा उजेड टाकतो आणि काचेवरची खरी प्रतिबिंबं खातो.

बाकी कामाचा वेग सवयीचाच असेल : रात्री एजन्सीचा फोन, सकाळी क्लायंट. फक्त आता एका फिल्मच्या ३०, २० आणि १० सेकंदांच्या प्रती, शिवाय आडव्या, उभ्या आणि चौकोनी. म्हणून पहिल्या दिवशीच विचारा की उभी प्रत लागणार आहे का. लागणार असेल तर पुसलेला स्टँड, वायर, माणूस हे आडव्या चौकटीच्या बाहेरही पुसावं लागतं. अक्षरं नसलेली एक प्रत कायम जपून ठेवा. मराठी, गुजराती, तामिळ आवृत्त्या तिच्यावरच चढतात.

प्रश्न : शोरील किती मिनिटांची असावी? कंपनीत केलेलं काम टाकू शकते का?
– एक विद्यार्थिनी, खारघर

उत्तर : साठ ते नव्वद सेकंद. सर्वांत चांगला शॉट पहिला, आणि कमजोर शॉट मुळीच नको. बघणारा तुझी पातळी सर्वांत वाईट शॉटवरून ठरवतो. प्रत्येक शॉटची मूळ प्लेट, मधले टप्पे आणि शेवटचं चित्र दाखव, आणि कोपऱ्यात लिही की यात तू नेमकं काय केलंस. 'रोटो आणि वायर पुसणं' इतकं स्पष्ट. दुसऱ्याच्या कामावर आपलं नाव लावलेलं लगेच उघडकीस येतं, कारण मुंबईतले लीड एकमेकांना ओळखतात. संगीत ऐच्छिक आहे, बहुतेक जण आवाज बंद करूनच बघतात. कंपनीतलं काम सिनेमा किंवा जाहिरात प्रदर्शित झाल्यावर आणि लेखी परवानगी मिळाल्यावरच टाकायचं. ते मिळेपर्यंत स्वतः टिपलेल्या प्लेटवर दोन शॉट पक्के कर : सेंट्रल पार्कमधला एक दिवसाचा आणि स्टेशनबाहेरचा एक रात्रीचा. रात्रीच्या शॉटमध्ये रस्त्यावरचे दिवे, ओल्या रस्त्यावरची प्रतिबिंबं आणि ग्रेन तिन्ही सांभाळावे लागतात, आणि कॉम्पची जागा देणारा नेमकं तेच बघतो.